टोपलीला दिलेली जागा

कोर्टाच्या तारखेच्या दिवशी सकाळी मी तुरीच्या शेंगा सोलत बसले होते. दाणे सालपटांत पडत होते आणि सालपटं वाटीत. मिनलने कुबडी भिंतीला टेकवली, वाटी हळूच बदलली. आमच्या बुटीबोरीच्या गल्लीत माझ्या तोंडाला कोणी लागत नाही. त्या दिवशी मात्र मी भ्याले होते, आणि ते सुनेला दिसलं याचाच राग जास्त आला.

मिनल म्हणजे माझ्या सौरवची बायको. दोन वर्षांपूर्वी माझ्यासोबत देवीला जाताना पॅसेंजर गाडीतून पडली, डावा पाय गुडघ्याखाली गेला. रेल्वेकडे नुकसानभरपाईचा दावा लावला होता. नकली पाय त्याच्यावरच अडून होता. तिकीट होतं, पंचनामा होता. पण रेल्वेचे वकील म्हणत होते, ही पडली नाही, हिने उडी घेतली. आत जागा असताना ही दारात एकटी का बसली? एका प्रवाशानेही पोलिसांना लिहून दिलं होतं की ती चढल्यापासून तिथंच बसून रडत होती. जीव द्यायला निघालेल्याला कायदा भरपाई देत नाही.

मिनलने जबानीत एवढंच सांगितलं होतं, "मी आपल्या मनानंच बसली होती."

कोणाच्या मनानं, ते मला ठाऊक होतं.

धरमपेठेतल्या आमच्या वकीलबाई, लतिकाताई, म्हणाल्या की आजी, आता सगळं तुमच्या साक्षीवर आहे, खरं तेच सांगा. बाहेर पडताच सौरव कानाशी आला. "आई, मिनल दारात हात धुवाले गेली होती, एवढंच सांग. बाकीचं चार लोकायत बोलायचं नसते."

मलाही तेच हवं होतं. खरं सांगितलं तर मलाच आत टाकतील, ही भीती रात्रंदिवस पोटात होती. वकीलबाईंना विचारायची हिंमत झाली नव्हती.

कोर्टात माझं नाव पुकारलं तेव्हा मी पदर सावरत पुढं गेले. रेल्वेचे वकील ओरडतील असं वाटलं होतं. ते गोड बोलले, त्यानं मी अजूनच घाबरले.

"आजी, डब्यात बसायला जागा होती का?"

मी मागं पाहिलं. सौरव फरशीकडे बघत होता. मिनल कुबडी दोन्ही हातांनी धरून बसली होती. तिची नजर वकिलांकडे नव्हती, न्यायाधीश साहेबांकडेही नव्हती. पोरगी मला भीत होती.

"होती," मी म्हटलं. "माझ्या बाजूलेच होती. तिथं मी देवीच्या निवदाची टोपली ठेवली होती."

"मग सून दारात का?"

एवढ्या पुरुषांत तो शब्द मी जन्मात उच्चारला नव्हता.

"गाडीत चढताना तिनं कानात सांगितलं, पाळी आली. मी म्हटलं, टोपलीवर सावली पाडू नको, दारात बस. तिनं दोनदा विचारलं, आई, आत येऊ का? मीच नाही म्हटलं. मग गाडीले झटका बसला."

टाइप करणाऱ्याचे हात थांबले. मी पोलिसांची वाट बघत उभी राहिले. कोणी आलं नाही. साहेब फक्त म्हणाले, लिहून घ्या. खाली मी एकेक अक्षर जोडत 'प्रयागबाई' लिहिलं.

सौरव रिक्षापर्यंत आमच्या पुढं पुढं चालत गेला. मिनल सवयीनं सीटच्या काठावर टेकली. मी माझी पिशवी उचलून पायाशी ठेवली आणि म्हटलं, "सरक वं आत."

निकाल यायचा आहे. भरपाई मिळेल की नाही, ही धाकधूक आहेच. गल्लीतल्या बायका मात्र थांबल्या नाहीत. कोणी विचारते, मावशी, भर कोर्टात तसलं बोलणं झालं तरी कसं तुमच्यानं? कोणी म्हणते, देवी कोपेल.

त्यांना मी एकच सांगते. गाडी थांबली तेव्हा मी ओरडत रुळाकडे धावले. टोपली उलटली होती, पुरणाच्या पोळ्या माझ्याच पायाखाली आल्या. देवीपर्यंत एकही पोचली नाही.

मग माझी सून दाराशी कशासाठी बसली होती? आणि तुमची आत्ता कुठं बसली आहे?