कमलमावशीची गाडी

मुलांनो, जरा डोळे मिटा. मी एक शब्द उच्चारणार आहे. तो ऐकताच जे दिसेल, ते तसंच धरून ठेवायचं, मागाहून बदलायचं नाही. कबूल? ऐका तर मग. गाडी.

कुणाला लाल बस दिसली असेल, कुणाला मामाची मोटारसायकल, तर कुणाला शहाळ्यांनी भरलेली हातगाडी. आता डोळे न उघडता आणखी थोडी कल्पना करा. तुम्ही पाचवीत आहात. उजवा हात मोडलाय, ठणका मस्तकात जातोय, आणि समोरचे डॉक्टर विचारतायत, "काय झालं गं?"

संघमित्राने सांगितलं होतं, "गाडीवरून पडले."

"कुणाची गाडी?"

"कमलमावशीची."

"सोबत कोण होतं?"

"कुणी नाही. मी एकटीच."

यातला शब्दन् शब्द खरा होता, आणि या खऱ्या शब्दांनीच तिच्या पप्पांची पार वाट लावली.

झालं होतं असं. जोगेश्वरीत संघमित्राच्या गल्लीच्या तोंडाशी कमल नावाच्या बाईंची वडापावची गाडी आहे. अख्खी गल्ली त्यांना मावशी म्हणते. गाडी बंद होती त्या दिवशी संघमित्रा एकटीच रॅकेटने बॅडमिंटनचं शटल उडवत होती, ते गाडीच्या छपराच्या पत्र्यावर अडकलं. ते काढायला ती पुढच्या फळीवर चढली, फळी सटकली, आणि ती कोपरावर आपटली.

पण डॉक्टरांच्या डोळ्यांसमोर आली ती मावशीची स्कूटर. त्यांनी तसंच लिहिलं. तो कागद रुग्णालयाच्या नोंदींच्या खोलीत गेला. तिथे श्वेता नावाची ताई काम करते. कुणाला कशामुळे लागलं, ते ती कागदावरून वाचते आणि त्याचं एक अक्षर नि काही आकडे करून संगणकात भरते. त्याला म्हणतात कोड. वाहतुकीच्या अपघातांचं अक्षर व्ही. त्यातही पायी चालणारा वेगळा, सायकलवाला वेगळा, रिक्षात बसलेला वेगळा, आणि गाडी चालवणारा वेगळा. असे हजारो कोड जमले, की कुठे काय चुकतंय ते कळतं. काम मोठं चांगलं आहे. पण श्वेताताईने वाचलं: स्कूटरवर एकटीच. एकटी असेल, तर चालवणारीही तीच, नाही का? तिने तसा कोड भरला.

आणि रस्त्यावरच्या अपघाताची खबर पोलीस चौकीत जाते. तशी तीही गेली.

संघमित्राचे पप्पा, देवेश, शाळेची व्हॅन चालवतात. कुठलं पोर वळणावर ओकतं नि कुणाला खिडकी लागते, हे त्यांना तोंडपाठ. हवालदारांचा फोन आला तेव्हा ते पोरांनाच सोडून परतत होते. "काय हो, पाचवीतल्या पोरीच्या हातात स्कूटर देता?" बातमी व्हॅनचे ठेकेदार नंदकुमार यांच्यापर्यंत पोहोचली. ते म्हणाले, "देवेश, पालक विचारतायत रे. स्वतःच्या पोरीला सांभाळता येत नाही, तो आमच्या पोरांना काय सांभाळणार, म्हणतायत. उद्या संध्याकाळपर्यंत कागद नीट करून आण. नाहीतर मला दुसरा माणूस बसवावा लागेल."

म्हणून आज बापलेक सकाळपासून वणवण फिरत होते. चौकीत सांगितलं, "रुग्णालयाने बदललं की आम्ही बदलू." मरोळच्या बाजूच्या त्या रुग्णालयात खालच्या खिडकीवर सांगितलं, "वर जा." वर सांगितलं, "जेवणाची सुट्टी आहे." संघमित्राचा हात गळ्यातल्या झोळीत अवघडून गेला होता, आणि पप्पांच्या कपाळावरची आठी काही हलत नव्हती.

सुट्टी संपली. श्वेताताई खुर्चीवर येऊन बसली.

"मॅडम, ती गाडी म्हणजे तसली गाडी नाही," पप्पा म्हणाले.

"मग कसली? दुचाकी, तीनचाकी, चारचाकी?"

"चाकं चार आहेत, पण..."

"चारचाकी." तिची बोटं कळफलकावर गेलीसुद्धा.

"अहो, थांबा ना! चारचाकी नाहीये ती!"

"आत्ता तुम्हीच चार म्हणालात. बरं, चालू होती की उभी?"

"उभी. माझ्या लग्नाच्या आधीपासून उभी आहे!"

संघमित्राला फिस्सकन हसू येणार होतं. पण पप्पांच्या मानेवरची शीर बघून तिने ते गिळलं.

"इंजिन?"

"अहो बाई, तिच्यावर वडे तळतात!"

श्वेताताईची बोटं थांबली. "वडापावची गाडी? मग आल्याआल्या तसं नाही का सांगायचं?"

"सांगतोय की! गाडी, गाडी म्हणून कधीचा बोंबलतोय!"

तिने कपाळाला हात लावला. "म्हणजे हा वाहतुकीचा अपघातच नाही. नुसतं पडणं आहे. व्ही नाही, डब्ल्यू. शेजारचंच अक्षर."

"मग टाका ना डब्ल्यू!"

"माझ्या मनाने नाही टाकता येत, दादा. उद्या कुणी येऊन म्हणालं, मला बसने नाही, बैलाने उडवलं, तर मी काय करू? कागदावर असेल तेच मी भरते. डॉक्टरांकडून लिहून आणा."

पुन्हा जिना. डॉक्टरांच्या दाराबाहेर ही रांग. नंबर लागला तेव्हा डॉक्टर घड्याळ बघत होते.

"साहेब, त्या दिवशीची गाडी..." पप्पांनी सुरुवात केली.

"मी ऐकलं तेच लिहिलंय. पोलीस आले की सगळ्यांची गाडी बदलते."

"आम्ही खोटं बोलतोय काय?" पप्पांचा आवाज चढला. दारातला रखवालदार आत डोकावला.

"आवाज खाली. मुलगी स्वतः सांगेल ते तिच्याच शब्दांत लिहून घेतो. तुम्ही मध्ये बोलायचं नाही."

"अहो, तिला काय कळतंय? मी सांगतो ना, गाडी म्हणजे..."

"पप्पा, तुम्ही गप्प बसा ना जरा!"

संघमित्राचा राग शेवटी बाहेर पडलाच. सकाळपासून सगळे तिच्या डोक्यावरून बोलत होते. पडली कोण? ती. हात कुणाचा मोडला? तिचा. आणि तिला मात्र कुणी विचारतच नव्हतं! पप्पा एक पाऊल मागे सरले.

आता तिची पाळी. जिभेवर तोच शब्द येऊन बसला होता. तिने तो मागे ढकलला. एवढ्या सगळ्या मोठ्या माणसांना त्यानेच तर फसवलं होतं.

"कोपऱ्यावर वड्यांचं दुकान आहे," ती सावकाश म्हणाली. "लाकडी. विटांवर उभं केलेलं. ते कुठे जात नाही. त्या दिवशी बंद होतं. शटल वर अडकलं, म्हणून मी पुढच्या फळीवर चढले. फळी सटकली. कुणी काही चालवत नव्हतं."

डॉक्टरांनी पहिल्यांदाच मान वर करून तिच्याकडे पाहिलं. "असं होय!" आणि ते भराभर लिहू लागले. बाहेर कुणीतरी त्यांना हाक मारत होतं, त्यामुळे हात घाईत होता. संघमित्रा टेबलाला पोट टेकून उलटी अक्षरं वाचू लागली. शटल काढताना... वडापावच्या... आणि शेवटी, ठसठशीत: गाडीवरून पडली.

डॉक्टर सही करायला वळले. पप्पा सुटकेचा श्वास टाकून हात जोडत होते.

संघमित्राने डावा हात पुढे केला आणि डॉक्टरांच्या बोटांतून पेन काढून घेतलं. कागद आपल्याकडे फिरवला. त्या शब्दावर दाबून एक वाकडीतिकडी रेघ ओढली, आणि जीभ दातांत धरून, डाव्या हाताने एकेक अक्षर काढत, वर लिहू लागली: बंद दुकानाच्या फळीवरून.