शेवटचे तीन

मोठ्या बाई वाईट नव्हत्या, हे आधीच सांगून टाकते. वाईट असत्या तर एकदा कडाडून भांडले असते आणि मोकळी झाले असते. पण त्या सकाळी सगळ्यांच्या आधी शाळेत यायच्या, मुलांची नावं तोंडपाठ ठेवायच्या आणि कुणाचं नाक वाहत असेल तर स्वतःच्या रुमालाने पुसायच्या. अशा मुख्याध्यापिकेशी भांडायचं म्हणजे आपणच नतद्रष्ट ठरतो.

त्यांचा एक भाऊ होता. मागच्या बाकावर बसून तो सातवीपर्यंत गेला आणि त्याला वाचता येत नाही हे कुणाच्या ध्यानातही आलं नाही. नंतर त्याचं जे व्हायचं ते झालं. त्याबद्दल त्या बोलायच्या नाहीत, नुसता चष्मा काढून पुसत बसायच्या. आमच्या शाळेत आल्या आल्या त्यांनी जाहीर केलं, "इथे एकही मूल नजरेतून सुटणार नाही." आणि तीन पायऱ्यांची योजना मांडली. पहिली पायरी म्हणजे वर्गातच सगळ्यांना नीट शिकवणं. तिथे अडखळतात त्यांना चार-पाच जणांत बसवून ग्रंथालयात जादा तास, ही दुसरी. आणि त्यानेही भागत नाही त्यांच्यासाठी तिसरी: वरच्या मजल्यावरची खोली, मोजकी मुलं, एक बाई आणि हवा तेवढा वेळ.

ती बाई मी. खरं सांगते, मला आनंदाचं भरतं आलं होतं. अशी खोली मिळावी म्हणून मी कित्येक वर्षं घसा कोरडा केला होता.

फक्त कुणाला वर पाठवायचं, हे मोठ्या बाईंनी शिक्षकांवर सोडलं नाही. "शिक्षक कच्ची मुलं लपवतात," त्या म्हणाल्या. त्यात खोटं काही नव्हतं. म्हणून नियम असा झाला की दर पंधरवड्याला प्रत्येक मुलाने एक मिनिट मोठ्याने वाचायचं, वर्गाच्या बाईंनी शब्द मोजायचे आणि वर्गातले शेवटचे तीन थेट तिसऱ्या पायरीवर, माझ्याकडे वर जायचे. नियम सोपा होता, सगळ्यांना सारखा होता, वशिल्याला जागा नव्हती. पहिल्या खेपेला माझ्याकडे आलेली मुलं खरोखरच माझी होती. त्यांना अक्षरं जुळवताना घाम फुटायचा. दिवाळं निघालेल्या दुकानदारासारखी तोंडं करून ती आली आणि काही आठवड्यांत हसायला लागली.

मग शिपाईकाका बाक घेऊन वर आले.

"अजून कशाला?" मी विचारलं.

"मुलं यायचीत ना," ते धापा टाकत म्हणाले. "शेवटचे तीन."

पुढच्या पंधरवड्याला पुन्हा बाक आले, त्याच्या पुढच्यालाही आले. जिन्यावरून बाक ओढत आणताना लोखंडी पायांचा जो आवाज व्हायचा, तो ऐकला की मी खोलीतली उरलेली जागा मोजायला लागायची. आता येणाऱ्या मुलांना वाचता येत होतं. ती जरा सावकाश वाचायची, एवढाच त्यांचा गुन्हा. कच्ची मुलं निघून गेल्यावर ती शेवटची ठरली होती, आणि ती निघून गेल्यावर दुसरी कुणीतरी ठरणार होती. माझी पहिली मुलं तयार झाली तेव्हा मी त्यांना खाली न्यायला गेले, तर चौथीच्या बाई दारातच हात आडवा करून म्हणाल्या, "अजून थोडं पक्कं होऊ दे हो. माझा वर्ग किती छान पळतोय बघा." वर्ग खरंच पळत होता. अर्धे बाक गेले होते आणि उरलेली मुलं घशात मोटार बसवल्यासारखी वाचत होती.

मी तडक मोठ्या बाईंच्या खोलीत गेले.

"मोठ्या बाई, शेवटचं कुणीतरी असणारच ना? सगळ्या शाळेत दोघं उरली, तरी त्यातलं एक शेवटचं."

"बरोबर," त्या शांतपणे म्हणाल्या. "म्हणूनच कुणी सुटत नाही."

"अहो, पण माझ्या खोलीत आता पाय ठेवायला जागा नाही! तिथे बसून कुणाला कसली मदत?"

"शेजारची खोली उघडून देते." त्यांनी चष्मा पुसायला घेतला. "बाई, तुम्ही मागच्या बाकावरचं मूल पाहिलेलं नाही. मी घरात पाहिलंय."

  आणि त्यांनी खरोखर शेजारची खोली उघडून दिली, स्वतः उभं राहून झाडून घेतली.

माझ्या जिवाला खरा घोर होता तो गुंडीचा. गुंडी माझी भाची, चौथीत होती. तिची आई गेल्यापासून मी भावाकडेच राहते. भाऊ छापखान्यात पाळीवर जातो, त्यामुळे संध्याकाळी आम्ही दोघीच असायचो. दोघी नाही, तिघी. गुंडीची जिवाभावाची मैत्रीण वेणी रोज यायची. तिची आई कारखान्यातून उशिरा सुटते आणि तोवर तिचं घर बंद असतं. स्वयंपाकघरातल्या टेबलावर दोघी पुस्तक मध्ये ठेवून वाचायच्या. गुंडी ओळीवर बोट ठेवायची आणि मध्येच थांबायची. शेळी हरवल्याची एक गोष्ट होती, त्यात शेळी आपली आपण घरी येते आणि सगळे खूश होतात. गुंडी म्हणाली, "पण आत्या, ती तर बांधलेली होती. मग दोर कुणी सोडला?" लिहिणाऱ्याच्याही डोक्यात आलं नसेल. मी तिचा मुका घेतला. "अशीच वाच," मी म्हटलं, "सावकाश. सावकाश वाचतो त्यालाच गोष्ट भेटते."

तीच गुंडी आता ओट्यावरचं गजराचं घड्याळ घेऊन बसायला लागली. बोट गेलं, थांबणं गेलं. ओठ नुसते थरथरत असायचे. शाळेतही तसंच झालं होतं. मधल्या सुट्टीत मैदानावर आरडाओरडा नव्हता. भिंतीला टेकून मुलं पुटपुटत उभी असायची आणि एकमेकांकडे डोळ्यांच्या कोपऱ्यातून बघायची. दुसऱ्या शाळांमधली माणसं आमची शाळा बघायला यायला लागली. मोठ्या बाई त्यांना खालचे मोकळे, लखलखीत वर्ग दाखवायच्या. वर कुणाला आणत नसत, जिना दमवतो म्हणून.

त्या पंधरवड्याला गुंडीचा नंबर लागणार हे मला दिसत होतं. चौथीत तिच्यामागे दोघंच उरली होती. मी मनाची तयारी केली. येऊ दे वर, म्हटलं, निदान माझ्या नजरेसमोर राहील, बोट ठेवून वाचेल. तिच्यासाठी खिडकीजवळची जागासुद्धा धरून ठेवली.

जिन्यावर बाक वाजले. दार उघडलं, ती दोघं आत आली आणि त्यांच्यामागून वेणी.

मला कळेना. वेणी चांगली झरझर वाचायची. मी तिला जवळ घेतलं, पुस्तक दिलं. तिने पहिल्या शब्दावर बोट ठेवलं आणि अगदी सावकाश, एकेक शब्द चाखत वाचायला सुरुवात केली. पहिल्या परिच्छेदाला थांबून तिने आशेने माझ्याकडे पाहिलं.

"चाचणीलाही असंच वाचलंस?"

"हो बाई. गुंडीने सांगितलं. तुम्ही म्हणता ना, सावकाश वाचतो त्यालाच गोष्ट भेटते? ती म्हणाली, या वेळी तसं वाचणाऱ्याला शाबासकी आहे." तिने शब्दावरचं बोट उचललं. "बाई, मी चुकले का?"

 नाही गं, चुकली नाहीस, असं मी म्हणाले खरी, पण तोंडातल्या तोंडात. खिडकीजवळची जागा तिला दिली. शाळा सुटताच तडक घर गाठलं. मला गुंडीवर ओरडायचं होतं.

गुंडी टेबलाशी बसली होती. समोर शेळीची गोष्ट आणि घड्याळ.

"आत्या, मी वर नाही गेले!"

"कळलं मला. काय वाचलंस चाचणीला?"

"एकशे..."

"शब्द नाही विचारले. गोष्ट काय होती?"

तिने खांदे उडवले. "ते विचारत नाहीत."

तिच्या चेहऱ्यावर लबाडी शोधत होते मी. लबाडी सापडली असती तर बरं झालं असतं. तिथे नुसती भीती होती, थकून गेलेली, म्हाताऱ्या माणसासारखी. 

दारावर थाप पडली. नेहमीची, दोनदा हलकी. वेणीची.

मी उठले तशी गुंडीने माझा हात धरला. "आत्या, नको ना उघडूस. सांग मी घरात नाही म्हणून."

"अगं, तिचं घर बंद आहे. कुठे जाईल ती?"

"ती वरची आहे आता. तिच्याबरोबर बसलं की तसंच वाचायची सवय लागते. वर्गात सगळे म्हणतात."

"आणि मी गं?" माझा आवाज चिरकला. "मीही वरचीच आहे की!"

गुंडीने माझ्याकडे पाहिलं. हे तिच्या डोक्यात तोवर आलंच नसावं. तिने माझा हात सोडला. घड्याळ उचललं, पुस्तक छातीशी धरलं आणि टेबलाच्या पार पलीकडच्या टोकाला जाऊन बसली.

मी दार उघडलं. वेणी दप्तर सांभाळत आत आली आणि कुठे बसू असं विचारल्यासारखी उभी राहिली. पलीकडे गुंडी वाचायला लागली होती, मान वर न करता, भरभर, भरभर.