फाटक्या कोपऱ्याचा पासपोर्ट

मी एक जुना पासपोर्ट आहे, मित्रांनो. माझी मुदत केव्हाच संपली. आता पत्र्याच्या पेटीत पडून असतो. पण १९९६ साली एका माणसाचा जीव माझ्यापायी टांगणीला लागला होता, ती हकिकत सांगतो.

अहमदाबादच्या कार्यालयात माझा जन्म झाला. निळे कव्हर, सोनेरी अक्षरे आणि आत गजेंद्रचा फोटो. गजेंद्र मूळचा शिरपूरकडचा, सुरतेत भेस्तानला एका खात्यात, म्हणजे यंत्रमागाच्या कारखान्यात, लूम फिटर होता. मस्कतच्या कापड गिरणीत त्याचे काम ठरले होते. एजंटाने बजावले होते, "शनिवारी दुपारपर्यंत पासपोर्ट हातात हवा, नाहीतर जागा दुसऱ्याला."

मला जाड लिफाफ्यात घालून रजिस्टर टपालाने धाडले. पत्ता धुरपदाबाईंच्या खानावळीचा होता. कारागिरांच्या खोल्या दर सहा महिन्यांनी बदलत, पण जेवण मात्र तिथेच; म्हणून पंचवीस-तीस जणांचे टपाल बाईंकडेच येई. वाटेत एका लाकडी खोक्याच्या खिळ्याला अडकून माझ्या लिफाफ्याचा कोपरा फाटला. एवढ्याशा फाटण्याने पुढे काय होईल, हे मला कुठे ठाऊक होते!

त्या शनिवारच्या आदल्या आठवड्यात, मंगळवारी मगन पोस्टमन आला आणि गजेंद्रचे नाव घेऊन त्याने मला पुढे केले. धुरपदाबाईंनी वहीवर अंगठा उठवला, लिफाफा हाती घेतला आणि त्यांची नजर फाटक्या कोपऱ्यावर खिळली. त्यांना वाचता येत नव्हते. पण कोपरा फाडलेले पत्र म्हणजे कुणीतरी गेल्याची खबर, हे त्यांना लहानपणापासून माहीत होते. असे पत्र घरात ठेवत नाहीत. आणि गजेंद्रची आई तर महिनाभर गावाकडे आजारी होती.

त्यांनी मला पदराखाली झाकले आणि मागच्या सरपणाच्या खोपटात, गोणीच्या आड ठेवले. संध्याकाळी एक पणती आणून माझ्यापुढे लावली. फाटक्या कोपऱ्यातून तिचा उजेड माझ्या पानांवर पडला. मित्रांनो, जिवंत माणसाच्या पासपोर्टापुढे सुतकाचा दिवा! मला ओरडून सांगावेसे वाटले, पण कागदाला कुठले तोंड?

गजेंद्र रोज जेवायला येई आणि विचारी, "मावशी, काही टपाल उनं का?"

"नही, भाऊ," त्या म्हणत आणि त्याच्या ताटात तुपाची धार जास्तच सोडत. मग खोपटात येऊन डोळे पुसत. मी सगळे ऐकत होतो. दिवसामागून दिवस गेले, पणती रोज लागत राहिली, आणि शनिवार जवळ आला.

पुढचे मी नंतर गजेंद्रच्याच तोंडून ऐकले. गुरुवारी खाडा करून तो अहमदाबादला गेला. तिथल्या कारकुनाने रजिस्टर काढले आणि रवानगीची तारीख व टपालाचा क्रमांक चिठ्ठीवर लिहून दिला. "आधी या नंबरावर तुमच्या पोस्टात तपास करा," तो म्हणाला. "तिथे नाहीच मिळाला तर पोलिसांत लेखी कळवा. कुणा भलत्याच्या हाती पडला तर निस्तरणे अवघड. मग प्रतिज्ञापत्र आणि नवा अर्ज. दोन-तीन महिने धरून चाला."

दोन-तीन महिने! शुक्रवारी सकाळी गजेंद्र भेस्तानच्या पोस्टात उभा राहिला. क्रमांक जुळवत मगनने वही उलगडली आणि एका निळ्या ठशावर बोट ठेवले.

"आ तो मासीनो अंगूठो छे. में जाते आप्युं हतुं."

म्हणजे मगनने स्वतःच्या हाताने मला मावशीला दिले होते. जिच्या हातचे गजेंद्र सहा वर्षे जेवला, तिने रोज तोंडावर खोटे सांगितले? तो रागाने तडक खानावळीत आला आणि चिठ्ठी धुरपदाबाईंपुढे धरली.

"मावशी, मना लिफाफा कोठे शे?"

धुरपदाबाई त्याला घेऊन खोपटात आल्या, गोणी सरकवली आणि मला त्याच्या हाती दिले. त्याने पणती पाहिली, तेलाने काळी पडलेली जमीन पाहिली.

"कोपरा फाटेल व्हता, भाऊ. माले वाटनं, तुनी माय गयी. तुले सांगं आसतं ते तू गावले निंघी जाता, तुनी नोकरी बुडी जाती. म्हनीसन मी कागद दपाडी ठेवा. म्हतलं, तू परदेसले जाय, मंग सांगसू. तवलोंग तिना दिवा मी लावसू."

गजेंद्रने लिफाफा उघडून फोटो दाखवला. "माय बरी शे, मावशी. मना गावना उखा काल रातले तठून उना, त्यानी सांगं."

तेव्हा मात्र त्या हमसून हमसून रडल्या. दहा दिवस कोंडलेले सगळे बाहेर आले. मग पदराने तोंड पुसून म्हणाल्या, "एजंटले सांगं, खातामा समदासले सांगं. काय येनार शे, ते माले येकदाव तरी सांगं का तू?"

गजेंद्र मान खाली घालून उभा राहिला.

शनिवारी अकरा वाजता मी एजंटाच्या टेबलावर होतो. गजेंद्र मस्कतला गेला, मी शिक्क्यांनी भरलो, पुढे जुना झालो.

मित्रांनो, महत्त्वाचा कागद टपालाने यायचा असेल तर त्याचा क्रमांक जपून ठेवा. वेळेत नाही आला तर नुसती वाट पाहत बसू नका. पोस्टात जा, लेखी विचारा. एवढे तर कुणीही सांगेल. मी आणखी एक मागतो. जिच्या दारी तुमचा कागद उतरणार आहे, त्या बाईजवळ घटकाभर बसा आणि काय येणार आहे ते तिला नीट सांगा. तुमच्या घासाची काळजी करणाऱ्या माणसाला तुमच्या आईचे सुतक एकटीने पाळावे लागू नये.