एका दिवसासाठी दिलेला गंज

सन १९४४. माघ महिना, जबलपुरातली बोचरी थंडी. त्या दिवशी माझ्यात डुक्कर शिजलं. तिथपर्यंत कसा गेलो ते सांगतो.

मी गंज बोलतोय. आमच्याकडे पातेल्याला गंज म्हणतात. जात पितळेची, गाव भंडारा. बूड बोटभर जाड, आतून कल्हई, काठावर नाव कोरलेलं: शकु. तिच्या बापानं लग्नात दिला. पन्नास माणसांचं वरण माझ्यात शिजतं आणि खाली लागत नाही. फुशारकी नाही. खरं आहे म्हणून सांगतो.

शकुचं सासर जबलपुरातल्याच गढा भागात. नवरा पुंडलिक लढाईच्या सामानाच्या कारखान्यात. सासरे अण्णा माळकरी. कोणी अंड्याचं नाव काढलं तरी अण्णा चूळ भरून येत.

लढाईमुळे कारखाना थांबत नव्हता. लाकडं उतरवायला इटलीचे कैदी आणत. पौषात मालगाडीच्या डब्यातून सागाचा ओंडका सुटला. खाली पुंडलिक होता. अंतोनियो नावाच्या कैद्यानं त्याला बाहेर ओढलं. पुंडलिकला खरचटलंसुद्धा नाही. अंतोनियोचा उजवा हात मोडला.

पुंडलिक त्याला म्हणाला, "भैया, जो मांगोगे वो दूंगा."

अंतोनियो त्यांच्या छावणीतला स्वयंपाकी. मोडकी हिंदी शिकला होता. म्हणाला, "बडा बर्तन. मोटा. एक दिन." टिनाच्या डब्यात त्यांचा राजमा दर वेळी करपायचा.

पुंडलिकनं पुढचं विचारलंच नाही. घरी येऊन शकुला सांगितलं, "डाळ शिजवतील."

"गोरे डाळ खातात? तुम्ही विचारलं काहून नाही?"

"जीव वाचवला त्यानं. त्याला काय विचारू?"

शकुनं मला पदरानं पुसलं आणि दिलं.

छावणीत विटांच्या चुलीवर मला चढवलं. बाकीचे कैदी कामावर गेले होते. अंतोनियो, एक पहारेकरी आणि रजा टाकून आलेला पुंडलिक, एवढेच. अंतोनियोनं कापड उलगडलं. आत डुकराचं मांस होतं, जाड चरबीसकट.

पुंडलिकनं माझे दोन्ही कान धरले. उचलून चालू लागणार, तेवढ्यात अंतोनियो डाव्या हातानं कांदा चिरू लागला. कांदा घसरला. पुन्हा धरला, पुन्हा घसरला. उजवा हात गळ्यात बांधलेला.

पुंडलिकनं माझे कान सोडले. "ला, चाकू इधर दे. बोल, क्या करना है?"

चरबी वितळली. कांदा, लसूण पडला. मग मांसाचे तुकडे, लाल होईपर्यंत. टमाटे. भिजवलेला राजमा. पाणी. तीन तास मंद जाळ. पुंडलिक तोंड फिरवून ढवळत होता, पण ढवळत होता. एक दाणा खाली लागू दिला नाही.

तोवर अंतोनियोनं कणीक पुढं केली. पुंडलिकनं मळली, लाटली, चौकोनी तुकडे कापले, दुसऱ्या डब्यातल्या उकळत्या पाण्यात सोडले. आणि एकदम हसला.

"अरे, ये तो हमारा वरणफळ है! मेरी औरत बनाती है."

"मेरी मां भी," अंतोनियो म्हणाला.

दुपारी चाळीस कैदी आले. थाळीत कणकेचे तुकडे, वर माझ्यातला रस्सा, दोन दोन पळ्या. एरवी ती माणसं फार बडबडी. त्या दिवशी सगळे माना खाली घालून जेवले. शेवटची थाळी अंतोनियोनं पुंडलिकपुढं धरली. पुंडलिकनं हात जोडले. मग डब्यातला एक कोरा तुकडा उचलून खाल्ला.

पुंडलिकनं मला राखेनं आणि चिंचेनं तीनदा घासलं. घरच्या दारात ठेवून म्हणाला, "अण्णा, यात डुक्कर शिजलं. मीच शिजवलं."

शकुनं काठावरच्या नावाकडं पाहिलं. अण्णांनी गळ्यातली माळ धरली.

"गंज आत येणार नाही," ते म्हणाले.

मी चार दिवस अंगणात पडून होतो. माझ्यावर कावळा बसला. असा अपमान मी पाहिला नव्हता.

पाचव्या दिवशी अण्णांनी विचारलं, "त्याचा हात कसा आहे?"

"वाकडा राहील म्हणतात."

"उजवा?"

"उजवा."

अण्णा उठले. कल्हईवाल्याला स्वतः बोलावून आणलं. निखाऱ्यांवर मला तापवलं, नवसागर फिरवला, नवी कल्हई चढली. मग अण्णांनी मला उचलून चुलीवर ठेवलं.

"सूनबाई, रविवारी यात वरणफळं कर. पंचेचाळीस माणसांची."

"आपल्या घरी पंचेचाळीस कुठले, अण्णा?"

"मी नेऊन राहिलो छावणीत."

"त्या गंजातलं तुम्ही खाल?"

"मला धरूनच मोजलं ना मी? पंचेचाळीस."

रविवारी पुंडलिकनं आणि अण्णांनी मला दोन बाजूंनी धरून छावणीत नेलं. पहारेकऱ्यानं झाकण उघडून पाहिलं आणि आत सोडलं. पहिली थाळी अण्णांनी अंतोनियोला वाढली. दुसरी स्वतःला घेतली. त्याच्या शेजारी जमिनीवर बसले आणि थाळी पुसून खाल्ली.

देणं फिटलं.