विर्योनो साहेबांचा पडदा

लोक आमच्या नगरपालिकेला शिव्या घालतात. मी नाही घालत. नगराध्यक्ष विर्योनो साहेबांचं देव भलं करो, असंच म्हणते मी, आणि अगदी मनापासून म्हणते.

जावाच्या किनाऱ्यावरचं आमचं एवढंसं बंदर. तिथे माझी कॉफीची टपरी. साहेब निवडून आले आणि त्यांच्या डोक्यात आलं, की बाया-बाप्ये समोरासमोर बसतात म्हणूनच गावाची नीती बिघडते. झालं! कायदा आला: प्रत्येक टपरीत मधोमध पडदा. मी विधवा बाई, म्हणून मी अलीकडे आणि पुरुष गिऱ्हाइकं पलीकडे. कप खालून सरकवायचा. तेव्हा मीसुद्धा साहेबांच्या नावाने कडाकडा बोटं मोडली होती.

जाळी विणणारा कासदू रोज यायचा. त्याची बायको जाऊन बरीच वर्षं झालेली. भला माणूस, पण माझ्यासमोर मूग गिळून बसायचा. केळ्याची भजी हवीत का विचारलं, तरी नुसता लाल व्हायचा.

पडदा लागला आणि हा बाबा चक्क बोलायला लागला! "तारमीबाई, आज भजी कुरकुरीत झालीत हं." मग समुद्राचं, मग बायकोच्या आजारपणाचं. आणि एक दिवस, "तुम्ही हसता ना, ते ऐकायला येतो मी." अगं बाई! मी त्याच्या कपात दोनदा साखर घातली. इतकी वर्षं माझ्याशी असं कुणी बोललंच नव्हतं.

पुढच्या निवडणुका आल्या, तसे साहेब स्वतः शिडी घेऊन हजर.

"पडद्याआड लोक नको ते करतात, तारमीबाई. सभेत ठरलंय, पडदा अनैतिक."

"अहो, कालपर्यंत पडदा नसणं अनैतिक होतं ना?"

"ते कालपर्यंत."

पडदा गेला की कासदू पुन्हा मुका होणार. मी हातापाया पडले, फुकट कॉफी देऊ केली, पण पडदा उतरलाच. समोर कासदू, कपात डोळे घालून, कानांपर्यंत लाल. आता मला रडू आवरेना.

तेवढ्यात तो उठला. साहेबांचे खांदे धरून त्यांना आमच्या दोघांच्या मधोमध उभं केलं.

"साहेब, जरा असेच उभे राहा. हलू नका."

"अरे, पण मी..."

"तारमीबाई," साहेबांच्या पाठीमागून आवाज आला, "लग्न कराल माझ्याशी?"

साहेबांना घाम फुटला. "अहो, सांगून टाका की! मला अजून बऱ्याच टपऱ्या उरल्यात."

"हो," मी म्हटलं, आणि कासदू दिसावा म्हणून साहेबांना बाजूला सारलं.