मला हलू द्या

मित्रांनो, मी रबराचा एक जुना ठोकळा आहे, आणि खरे सांगायचे तर फार भित्रा आहे.

ग्वाल्हेरच्या एका कारखान्यात सीमंतिनीताईंनी मला घडवले. युद्धनौकेजवळ पाण्यात स्फोट झाला, तर नौका शाबूत राहूनही आतली यंत्रे हादऱ्याने मोडतात. दिवे जातात, पंप थांबतात, पाणी चढू लागते. म्हणून विजेच्या पेटीखाली आम्हा चार भावांना बसवतात. दबायचे, डुलायचे आणि हादरा गिळून टाकायचा, एवढेच आमचे काम. चाचणीत मोठा लोखंडी घण खालून आदळतो. त्याची साखळी वाजली, की माझी पाचावर धारण बसते. तरी पहिल्या चाचणीत पेटी वाचली. ताईंनी मला थोपटले तेव्हा काय बरे वाटले!

मग खंडेनवमी आली. आमचे मुकादम दौलतसिंहकाका जुन्या फौजी घराण्यातले. घरी तलवार पुजावी तशी ते इथली यंत्रे पुजतात. इंदरगंजच्या बाजारातून झेंडूचे हार आले. हार घालताना पेटी डुलली.

"अरे, ही तर हिलते! पूजेतली चीज अशी डगमगलेली नाही चालत," काका म्हणाले, आणि त्यांनी आमच्या शेजारी लाकडी पाचरी ठोकल्या. दसऱ्यानंतर हार निघाले. "पक्की बसली आहे, राहू दे," म्हणून पाचरी तशाच राहिल्या. पेटीच्या पत्र्याआड त्या ताईंना दिसल्या नाहीत.

मला तसूभरही हलता येईना. शेवटच्या चाचणीनंतर ही पेटी ज्या नौकेवर जायची होती, तिच्यावर काकांची लेक गरिमा अधिकारी होती. मी आतल्या आत ओरडत होतो. पण रबराला आवाज कुठला?

साखळी वाजली. घण आदळला. हादरा आम्हाला टाळून पाचरींतून थेट वर गेला. पेटीतला दिवा विझला, आतल्या पट्ट्या तुटून खाली पडल्या.

ताईंनी वाकून एक पाचर ओढून काढली. "काका, हे कोणी ठोकलं?"

"मीच, ताई." काकांनी ती पाचर हातात घेतली. "बिटिया आहे त्या जहाजावर. पेटी अशीच गेली असती तर?"

ताईंनी उरलेल्या पाचरीही ओढून काढल्या.

आता मी चाचणीच्या ओट्यावरच असतो. माझे नवे भाऊ समुद्रावर जातात. मित्रांनो, एखादी वस्तू हलते म्हणून लगेच आवळू नका. ती का हलते, ते आधी विचारा.

प्रत्येक पेटीखालून काका आता स्वतः हात फिरवतात. एकदा पाहून झाले तरी ते पुन्हा वाकतात. साखळी वाजली की मी भितो, आणि काकाही भितात. काका, असेच भीत राहा.