न आठवणारा ट्राय

"पुढं पळ! अगं, मागं कामून फिरली!"

पोरींना रग्बी शिकवणारी सत्यभामा ओरडत मैदानात शिरली तोवर उशीर झाला होता. सरिताने दोघींना चकवलं होतं. समोर मोकळी जमीन. नुसतं पळत जाऊन पलीकडच्या रेषेमागे चेंडू टेकवायचा, की ट्राय, म्हणजे गुण. पण सरिता मूळची कबड्डीतली. दौलताबादच्या शाळेत पाचवीपासून चढाया केलेली पोर. दोन गडी मारले की मधल्या रेषेकडे परत पळायचं, हे तिच्या पायांना डोक्याच्या आधी कळतं. दोघी मागे पडल्या आणि पाय आपोआप वळले. मागून जीव खाऊन येणाऱ्या तिसरीच्या गुडघ्यावर तिचं कानशील आदळलं.

तो आवाज सत्यभामाच्या ओळखीचा होता.

चिकलठाण्याच्या कंपन्यांमागच्या माळावर आज राज्याच्या रग्बी संघाची निवड होती. सरिता ताडकन उठून उभी राहिली.

"काय नाय झालं ताई. बरी हाये मी."

"माझ्याकडं बघ. स्कोर काय झाला?"

सरिताने ओठांवरून जीभ फिरवली. "आपले किती गडी बाद हायेत, ताई?"

रग्बीत कुणी बाद होतच नाही. पोरी फिदीफिदी हसल्या. सत्यभामाने तिचा दंड धरला आणि तिला बाहेर आणलं.

जिल्हा संघटनेचे तात्यासाहेब मंडपातून तरातरा आले. "पोरगी उभी हाये की! तोंडावर पाणी मार अन् सोड आत. पुण्याचे लोक बसलेत पाहायला. जिल्ह्यातून एवढी एकच नाव लागायजोगी, अन् तीच बाहेर?"

"डोक्याला लागलंय, तात्यासाहेब."

"लई नाजूक झाली तू! तू नव्हती का खेळली तशीच? डोकं फुटलं तरी भारतासाठी ट्राय मारला! दर सत्काराला सांगतो मी."

सांगतात खरं. वर्षातून एकदा शाल, नारळ आणि हे भाषण. भारताकडून खेळलेल्या बाईला या शहराने एवढंच दिलं. बाकीचं वर्ष ती एका खाजगी शाळेत कवायत शिकवते. एप्रिलात शाळा तिला घरी बसवते आणि जूनमध्ये पुन्हा बोलावते, म्हणजे कायम करायला नको. रग्बी म्हटल्यावर लोक विचारतात, ते अमेरिकेतलं हेल्मेटवालं का? पोरींना ती फुकट शिकवते, तेव्हा हेच लोक म्हणतात, बाईला संसार नाही, दुसरं काय करणार.

"तेव्हा मला बाहेर काढणारं कुणी नव्हतं," सत्यभामा म्हणाली. "हिला मी हाये."

ती सरळ निवड करणाऱ्यांच्या टेबलाशी गेली आणि सरिताचं नाव काढायला सांगून आली. तात्यासाहेब मागून काय काय बोलले, ते इथे लिहिण्यासारखं नाही.

बाभळीच्या सावलीत बसवलेली सरिता तिच्यावर तुटून पडली. "माझ्या बापानं एकच डाव सांगितलाय. नाव लागलं तर खेळ, नाय तर बास! तुम्हाला काय त्याचं? तुमचं खेळून झालं. तुमचा ट्राय झाला!"

सत्यभामा तिच्याजवळ मातीत बसली.

"तो ट्राय मला आठवत नाय, सरे."

"आं?"

"पहिल्या डावात डोकं आदळलं. पाणी मारलं, उभी केली. त्याच्यानंतर मला एकदम हॉटेलातली मोरी आठवती. ओकत होते. मधलं सगळं गेलं."

"पर सत्काराला तर तुम्हीबी सांगता..."

"मैत्रिणीनं मोबाईलवर दाखवलं, ते सांगते. त्यात एक पोरगी माझा नंबर घालून पळती. भारी पळती. पर ती मीच हाये, असं मला आतून वाटतच नाय." सत्यभामाने सरिताच्या केसांतलं कुसळ काढलं. "देशासाठी एकच मारला. लोकायला आठवतो. माझ्यापाशी नाय. तुझा तुझ्यापाशी राहिला पायजे."

सरिताने मैदानाकडे पाहिलं. मग हळूच म्हणाली, "ताई, आपले किती गडी बाद झाले?"

सत्यभामाने तिचं डोकं खांद्यावर घेतलं आणि एका पोरीला रिक्षा आणायला पिटाळलं.

दवाखान्यात डोक्याचं स्कॅन केलं. आत रक्त साकळलेलं नव्हतं. डॉक्टर म्हणाले, डोक्याला पूर्ण आराम द्या. उजेड नको, मोबाईल नको, गोंगाट तर अजिबात नको. रात्री कुणीतरी लक्ष ठेवा, उलटी झाली तर लगेच आणा.

दोघी दौलताबादला पोहोचल्या तेव्हा सरिताचा बाप पुंडलिक अंगणात कडबाकुट्टी चालवत होता. मशीनच्या खडखडाटात रिक्षा आलेलीही त्याला कळली नाही. सरिताची आई आशाबाई धावत आल्या आणि लेकीला धरून आत घेऊन गेल्या. तेव्हा कुठे त्याने मान वर केली.

"लागलं का नाव?" तो मशीनवरून ओरडला.

"नाय. मी काढलं. डोक्याला मार बसला तिच्या."

"तुम्हीच काढलं? नाय तर लागलं असतं?"

"लागलं असतं, पुंडलिकभाऊ."

डॉक्टरने काय सांगितलं, ते सत्यभामाने मोठ्याने सांगितलं. गोंगाटाचं ऐकल्यावर त्याने हात लांब करून बटण दाबलं. अंगण एकदम शांत झालं. आतून आशाबाईंचं हलकं बोलणं ऐकू यायला लागलं.

"पुढच्या साली परत निवड असती," सत्यभामा म्हणाली.

कोपऱ्यातला लाकडी ठोकळा त्याने पार गोठ्यापलीकडे ओढत नेला, खाली पोतं अंथरलं आणि कोयत्याने हातानेच कडबा तोडायला बसला. पाठ सत्यभामाकडे.

सत्यभामा रिक्षात बसली. ड्रायव्हरने चावी फिरवायला हात घातला, तसा पुंडलिक कोयता टाकून उठला.

"थांब रे! इथं चालू करू नको."

त्याने रिक्षाला मागून हात लावला. सत्यभामा उतरली आणि दुसऱ्या बाजूने ढकलायला लागली. रोड लागेपर्यंत दोघांनी रिक्षा तशीच ढकलत नेली.